डिस्कोचा कौल

आमच्या डिस्को ग्रुपमध्ये मी पोलीस. बाकीचे चौघे म्हणजे पोस्टमन, किनाऱ्यावरून जाळं ओढणारा रापणकर, वकील आणि दशावतारातला राजा. लग्नाची हळद, गणपती, ख्रिश्चन वाड्यांवरची फेस्तं, जिथे मांडव पडतो तिथे आम्ही या वेशांत नाचतो. ग्रुप मीच काढला आणि चौघांना मीच शिकवलं. वकील मे महिन्यात काळ्या कोटात नाचतो. फोंडाघाटला एकदा तो चक्कर येऊन पडला, पण कोट काढायला आजही तयार नाही. माझ्या वर्दीला बांद्यात एका खऱ्या हवालदाराने हरकत घेतली, तेव्हा बायकोने तिच्यावर चमचमत्या टिकल्या शिवल्या. त्यानंतर मला कोणी खरा पोलीस समजलं नाही.

पन्नाशी ओलांडली आणि उजवा गुडघा कुरकुरू लागला. सावंतवाडीच्या डॉक्टरांनी उड्या बंद करा म्हणून सांगितलं. मी डॉक्टर बंद केले. पण उडी मारली की मी सगळ्यांच्या मागून जमिनीवर यायचो. पुढे पुढे चौघेही मुद्दाम उशिरा उतरू लागले. लोकांना ती नवी स्टेप वाटली. मीही तसंच मानून घेतलं.

हे फार दिवस चालणारं नव्हतं, पण मला ‘तू थांब’ म्हणायची कोणाची छाती होत नव्हती. शेवटी पोस्टमन म्हणाला, देवालाच विचारू. आमच्याकडे विहीर खणायची असो की होडी घ्यायची, ग्रामदेवतेला कौल लावतात. मूर्तीच्या दोन्ही अंगांना फुलांचे ओले कळे चिकटवायचे, गाऱ्हाणं घालायचं आणि वाट बघायची. उजवा पडला तर होय, डावा पडला तर नाही. मी तयार झालो. नाच सोडला तर मला दुसरं काही येत नाही, घरी बसलो तर मी कोणीच उरणार नाही, हे देवाला ठाऊक असणार अशी माझी समजूत होती.

डिस्को देवाला कसा सांगायचा, अशी गुरवाला अडचण पडली. आहे तसा सांगा, असं राजा म्हणाला. गुरव हात जोडून उभा राहिला, आम्ही पाचजण त्याच्या मागे. गाऱ्हाण्यातल्या प्रत्येक वाक्याला मागच्यांनी होकार द्यायचा असतो.

“बा देवा म्हाराजा, ही तुझी पाच लेकरां डिस्को करून पोट भरतत.”

“व्हय म्हाराजा,” आम्ही पुटपुटलो, नेहमीसारखेच पुढेमागे.

“ह्या पोलिसाचो गुडघो आता चलना नाय. तेका विसाव्याची गरज आसा.”

“व्हय म्हाराजा.”

चौघांचा आवाज एकदम उठला. एका सुरात, एका ठेक्यावर. इतकी वर्षं मी घसा फोडून शिकवत होतो, ते त्यांना देवळात जमलं. माझा आवाज त्यात नव्हता. राग आला असता तर बरं झालं असतं, पण नुसतं वाईट वाटलं. फार वाईट वाटलं.

मग गुरवाने कौल मागितला. ह्याने नाचायचं असेल तर उजवा दे, म्हणाला. बराच वेळ काहीच पडेना. मी एका पायावरचा भार दुसऱ्या पायावर घेत उभा होतो. शेवटी एक कळा सुटला. उजवा.

गुरवाने तीर्थ दिलं. देवाने न्याय केला, असं राजा म्हणाला. पोस्टमनने माझ्या पाठीवर हात ठेवला. मी कठड्याला धरून पायऱ्या उतरलो, तोवर चौघे खाली माझी वाट बघत थांबले होते. रविवारच्या फेस्ताला किती वाजता निघायचं, असं वकिलाने मला विचारलं.

मी म्हटलं, “देवान सांगितल्यान तां बरोबर. पण तुमी सांगितलास तां मी आधी आयकलंय.”

रविवारची वेळ त्यांची त्यांना ठरवायला सांगून मी घराकडे वळलो.