श्रीपतच्या चिठ्ठीवरचं कुंकू

उंद्रीहून माणूस निरोप घेऊन आला तेव्हा माझी अर्धी दाढी झाली होती. "श्रीपतभाऊ गेले," तो म्हणाला. मी "बरं" म्हणालो आणि उरलेली दाढी नीट पूर्ण केली. डोळ्यांत पाणी नाही. त्याला आता महिना होऊन गेला, पण तेच बधिरपण अजून चालू आहे. शाळेपासूनचा मित्र गेला आणि मला रडू येत नाही, हे लिहायचीही लाज वाटते.

श्रीपत उंद्रीचा शेतकरी, माझा शाळासोबती. बोलणं मोजकं, पण चिडवण्यात तरबेज. मी चिखलीच्या तहसील कचेरीत कारकून झालो तेव्हापासून तो मला 'सरकार' म्हणायचा. "काय सरकार, खुर्ची गरम झाली का?" हा त्याचा कचेरीच्या दारातला रामराम. लढाईच्या दिवसांत रॉकेलवर कंट्रोल आला आणि आमच्या भागासाठी एक एजन्सी द्यायचं ठरलं. पाच अर्ज आले, पाचही सारखेच पात्र, म्हणून तहसीलदारसाहेबांनी चिठ्ठ्या टाकायला सांगितलं. श्रीपतला ती एजन्सी मनापासून हवी होती. उंद्रीच्या बायका रॉकेलच्या बाटल्या घेऊन कोस न् कोस चालत चिखलीला येत. त्यांत त्याची बायको, सरूवहिनीही असायच्या.

अर्जदारांनी आपल्या नावाची चिठ्ठी घडी करून माझ्याकडे द्यायची आणि मी ती तांब्यात टाकायची, अशी पद्धत. त्या सकाळी मी देवीच्या देवळातून आलो होतो, खिशात कुंकवाची पुडी होती. आपल्याकडे नवी वही असो की नवी बैलजोडी, कुंकवाचं बोट लागल्याशिवाय काम सुरू होत नाही. श्रीपतची चिठ्ठी हातात आली आणि माझं बोट आपसूक पुडीत गेलं. लबाडी मनात नव्हती, हे शपथेवर सांगतो. साहेबांनी तोंड फिरवून तांब्यात हात घातला... चिठ्ठी श्रीपतचीच निघाली. वर लाल ठिपका.

हरलेल्या एका व्यापाऱ्याने बुलढाण्याच्या कोर्टात दावा लावला. चिठ्ठीवर खूण होती, निवड आधीच ठरली होती, असं त्याचं म्हणणं. त्याच्या जागी मी असतो तर मीही तेच म्हणालो असतो. त्याच्या वकिलाने मला विचारलं, "हे कुंकू कुणी लावलं?" मी डोक्यावरची टोपी सारखी करू लागलो. तेवढ्यात मागून श्रीपत उठला.

"साहेब, म्या लावलं. चिठ्ठी घरूनच लिहून आनली होती, देवापुढं ठेवली होती."

निवड रद्द झाली आणि पुन्हा चिठ्ठ्या टाकल्या तेव्हा त्याचं नाव वगळलं. कोर्टाबाहेर मी तोंड उघडायच्या आत तो म्हणाला, "तुही नौकरी गेली असती बे. माह्यं वावर कुठी पयून जाते?"

गाव मात्र विसरलं नाही. सप्त्याच्या पंगती कुणी घालायच्या याच्या चिठ्ठ्या दरवर्षी देवळात निघायच्या, तेव्हा कुणीतरी हमखास म्हणायचं, "श्रीपतभाऊले जरा दूर बसवा!" सगळे हसायचे. तोही हसायचा, आणि उठून पाराच्या मागे जाऊन बसायचा. दोनदा त्या हसणाऱ्यांत मीही होतो.

तेराव्याला मी सरूवहिनींना सगळं सांगितलं. त्या तांदूळ निवडत होत्या. हात थांबला नाही, नजरही वर आली नाही.

"भाऊजी, हे मले काऊन सांगता? म्या त्यायले कधी चोर म्हनलंच नाही. ज्यायनं म्हनलं, त्यायले सांगा."

आता मी पेन्शनवर आहे, कचेरी माझं काही करू शकत नाही. इतकी वर्षं गप्प बसून मी तेवढी सोय करून घेतली. उंद्रीकरांनो, ते कुंकू मी लावलं होतं.