डबल बेल होईपर्यंत

आमचे दादा, म्हणजे माझे वडील, रस्त्यानं कायम दहा पावलं पुढं चालायचे. जाफराबादच्या स्टँडवरून घरी येताना आई आणि मी त्यांच्या पाठीवर नजर ठेवून अक्षरशः धावायचो. एसटीचे ड्रायव्हर! आरशात पन्नास प्रवासी बघणारा हा माणूस गाडीतून उतरला, की मागं वळून म्हणून बघायचा नाही. गाडीत मात्र कडक नियम. कंडक्टरनं दोरी ओढून डबल बेल दिल्याशिवाय गाडी जागची हलायची नाही. "म्हातारी चढून राह्यली, जल्दी काय हाय?" म्हणायचे.

अकरावीत मला सायन्स बिलकुल झेपत नव्हतं. दोन चाचण्यांत नापास झाले होते, आणि हे दादांना सांगायचं होतं. पण सांगणार कुणाला, पाठीला? मग मी मोबाईलवर गेम खेळत बसायचे. त्यात एक बाप लहान लेकीला घेऊन उजाड शहरातून निघालेला असतो आणि वाटेत येईल त्या गुंडाला लोळवतो.

एका दुपारी दादा चहाची बशी घेऊन माझ्या मागं उभे राहिले. "मारामारी लई बेस करतो गडी," बशीत फुंकर मारत म्हणाले. मी त्या बापाला पळवत पुढं नेलं. "अगं ए, पोरगी मागं राह्यली नं! डबल बेल न्हाई, काही न्हाई, अन् हा निघाला बी? कसला बाप हा!"

माझ्या तोंडून निघून गेलं, "तुम्ही तरी कुठं थांबता, दादा?"

मी जीभ चावली. दादा चहा संपवून ड्युटीवर गेले. आता माझं काही खरं नाही, असं वाटलं.

चतुर्थीला आम्ही राजूरच्या गणपतीला गेलो. उतरल्यावर सवयीनं मी घाईघाईनं चालू लागले, तर समोर पाठच नाही! दादा शेजारी होते. पाऊल आवरत, अवघडून चालत होते. "बोल की माय, काहीतरी."

नारळाच्या दुकानांपाशी मी सगळं सांगून टाकलं.

"मंग आधी का न्हाई सांगितलं?" त्यांनी विचारलं, आणि स्वतःच म्हणाले, "बराबर हाय. मी थांबलोच कुठं."

पुढच्या जूनमध्ये मी आर्ट्सला गेले. आज शाळेत इतिहास शिकवते, आनंदानं शिकवते. त्या वयात, लेकीच्या एका बोलण्यावर आपली चाल बदलणारा बाप मला मिळाला, केवढं माझं नशीब!

परवा जालन्याच्या बाजारात मी भराभर चालले होते. मागून आवाज आला, "ओ मॅडम, डबल बेल न्हाई झाली अजून!" वळून पाहिलं. गुडघे दुखत असताना दादा रस्त्याच्या कडेला खाली बसून माझ्या लेकीच्या चपलेचा पट्टा लावत होते.

मी दहा पावलं मागं आले.