आंदणातली परात

सिहोऱ्यात माझं लग्नाच्या शूटिंगचं काम आहे. मोठी एलईडी लाइट लावून सगळ्यांची तोंडं गोरीपान करायची, यातच माझी पंधरा वर्षं गेली. लोकांना तेच हवं असतं, आणि मलाही त्यात काही वावगं वाटत नव्हतं.

मग मोबाइलवर क्युबातला एक सिनेमाचा कॅमेरावाला हाती लागला. त्याच्यावरचा माहितीपट मी दुपारच्या जेवणाबरोबर तुकड्यातुकड्यांनी पाहिला. तरुणपणी हवानात छोटे सिनेमे केले, मग देश सुटला, पॅरिसमध्ये दिवस काढले, आणि शेवटी गडी अमेरिकेतल्या मोठ्या सिनेमांपर्यंत पोचला. खोड मात्र सगळीकडे एकच. खोलीत उजेड कुठून येतो ते आधी बघायचं आणि आपल्या लाइटा होईल तितक्या पेटीतच ठेवायच्या. क्युबातल्या शेतकऱ्यांच्या अंधाऱ्या झोपड्यांत तो म्हणे आरशाने ऊन आत न्यायचा. मला हसूच आलं. कवडसे तर आम्ही शाळेत मास्तरांच्या टकलावर पाडायचो!

पण डोक्यात किडा शिरला. चहाच्या टपरीवर, बसमध्ये, जिथे तिथे मी माणसांच्या गालावर उजेड कुठून पडतो ते बघत बसायचो. बायको एकदा वैतागली, "माह्याशी बोलून राहिले का भिंतीशी?"

त्याच उन्हाळ्यात बपेऱ्याला एका बौद्ध घरचं लग्न होतं. साक्षगंधाचं, म्हणजे साखरपुड्याचं शूटिंगही मीच केलेलं. नवरीने सकाळीच तो अल्बम माझ्यापुढे उघडला. तिचे वडील, निवृत्त पोस्टमन, एकूण एक फोटोत डोळे मिटून बसलेले. डोळ्यांच्या ऑपरेशनपासून त्यांना प्रखर उजेड सोसत नव्हता, आणि आज तर लाइटीच्या धास्तीने ते मांडवातही यायला तयार नव्हते.

"दादा, बाबाचे डोळे उघडे असलेला एक तरी फोटो काढा," ती म्हणाली. "मले सोबत न्यायचा आहे." मला अल्बम मिटून ठेवावासा वाटला.

वडील आतल्या खोलीत खाटेवर बसले होते. दाराबाहेर अंगणात आंदण मांडलेलं. आमच्याकडे आंदणाची एकेक वस्तू शूटिंगमध्ये यावीच लागते, नाहीतर पाहुणे रुसतात. कपाट झालं, कूलर झाला, आणि भंडाऱ्याहून आणलेल्या पितळी परातीवर कॅमेरा नेला तर दारातून आत, खोलीच्या भिंतीवर परातीवरून उडालेला उन्हाचा पिवळा कवडसा दिसला. मी लाइट बंद केली.

नवरीची आई धावत आली. "लाइट काहून बंद केली भाऊ? पोरगी काळी दिसन ना!"

"मावशी, दोन मिनिटं दम धरा. ही परात धरा फक्त."

पांढऱ्या साडीतली नवरी वडिलांजवळ बसली. मावशींनी दारात परात उचलली आणि सगळं ऊन थेट म्हाताऱ्याच्या तोंडावर! त्यांनी डोळे गच्च मिटले. मी मनातल्या मनात क्युबाचा उद्धार केला. चूक माझीच होती. मी परात वळवून घेतली, ऊन समोरच्या चुन्याच्या भिंतीवर पडलं, आणि भिंतीवरून मऊ होऊन दोघांवर आलं.

त्यांनी हळूच डोळे उघडले. कॅमेऱ्याकडे नाही, लेकीकडे पाहिलं, बराच वेळ. मी बटण दाबत राहिलो.

"किती चांगली दिसून राहिली वं," ते म्हणाले. मग थांबून विचारलं, "साक्षगंधाले कोणत्या रंगाची साडी होती तुही? मले त्या दिवशी तू दिसलीच नाही."

"हिरवी होती, बाबा," ती म्हणाली.

त्या दिवशी ती लाइट त्यांच्यासमोर मीच धरली होती.