एकच घास वाढायचा होता

दोन हजार तेवीस साल. मी सदुसष्ट वर्षांचा होतो आणि माझी मुलगी चाळिशीला टेकलेली. बहारीनच्या जुफैर भागात उंच उंच इमारतींच्या मागे एक जुनी बैठी गल्ली अजून उरली आहे. तिथे माझी खानावळ, आणि खानावळीच्या मागे दोन खोल्या. त्यात आम्ही बापलेक राहायचो. बायको वसईलाच वारली, त्याला बरीच वर्षं झाली. मुलीचं नवऱ्याशी जमलं नाही, म्हणून ती माझ्याकडे आली, इथल्या एका ऑफिसात रिसेप्शनला लागली आणि नऊ वर्षं बरी गेली. मग ते ऑफिसच बंद पडलं. व्हिसा जेमतेम दोन महिन्यांचा उरला. दुसरी नोकरी मिळाली नाही तर परत वसई, भावाचं घर, भावजयीच्या हाताखाली राहणं. तिला ते नको होतं. मलाही नको होतं, पण तसं मी तिला कधी बोललो नाही. मी अशा गोष्टी बोलणारा माणूसच नव्हे.

तेवढ्यात पाहुण्यांना बहारीन फिरवणाऱ्या एका कंपनीचा मॅनेजर तिला म्हणाला, जुफैरमध्ये एक फूड वॉक बसवून दाखव. चांगला झाला तर तुला कामावर घेतो, व्हिसा कंपनीचा.

‘म्हणजे करायचं काय?’ मी विचारलं.

‘आठ-दहा लोकांना घेऊन चालायचं, पप्पा. चार ठिकाणी थांबायचं. प्रत्येक ठिकाणी थोडंसं खायचं, त्या जागेची गोष्ट ऐकायची आणि पुढे निघायचं.’

‘उभ्यानं?’

‘काही ठिकाणी उभ्यानं.’

‘उभ्यानं गुरं खातात.’

‘गुरांना व्हिसा लागत नाही, पप्पा.’

माझीच मुलगी. तोंड माझंच घेतलेलं.

हे थांबत थांबत खायचं खूळ तिच्या डोक्यात घातलं होतं गल्लीच्या तोंडाशी हॉटेल चालवणाऱ्या एका बाईनं. बाई बार्सिलोनाकडची. तिला कुणी स्पॅनिश म्हटलं की ती थांबवायची आणि सांगायची, मी कातालान, आमची भाषा वेगळी, खाणं वेगळं. हे मला मात्र पटायचं. आम्हा वसईवाल्यांना इथे सगळे गोवेकर समजतात, तेव्हा माझंही डोकं असंच फिरतं. तिच्या गावात म्हणे लोक संध्याकाळी या दुकानातून त्या दुकानात जातात, एकेक बशी खातात, गप्पा मारतात. त्या बशांना तापास म्हणतात. तिच्या हॉटेलात लोक आणू दे म्हणून मुलीनं तिची खूप मनधरणी केली, तेव्हा ती एवढंच म्हणाली, ‘एकदा आण लोकांना. आवडीनं खाल्लं तर दर शनिवारी आण.’

शेवटचा मुक्काम तिच्याकडे. आधी खुब्ज, म्हणजे इथली रोटी, भाजणारा इराणी, मग करक चहावाला, तिसरा मी. मी तिसरा! चाळीस वर्षं या बेटावर चुलीपुढे उभा राहिलेला माणूस मधला, आणि शेवटचा मान त्या बाईला. मुलगी म्हणाली, मान वगैरे काही नसतो, तिच्याकडे बसायला चांगली जागा आहे म्हणून. मी ‘बरं’ म्हटलं. पण ते मनात राहिलं.

आठवडाभर आधी ती मला त्या बाईकडे चव बघायला घेऊन गेली. उंच स्टुलावर चढवून बसवलं. बाईनं भाजलेल्या पावावर लसूण घासला, मग पिकलेला टोमॅटो अर्धा कापून तोच पावावर रगडला, वर तेल आणि मीठ. नंतर निखाऱ्यावर भाजलेली वांगी आणि मिरच्या, सोलून लांब लांब फाडलेल्या. मग खिमा भरलेला बटाट्याचा गोळा, त्यावर लसणीची पांढरी चटणी.

‘गुड?’ बाईनं मला विचारलं.

‘ओके, ओके,’ मी हात हलवून म्हटलं. आणि मुलीला मराठीत, ‘हे आपलं भरीत आणि हा बटाटावडा. यासाठी एवढं लांब विमानात बसून यायचं?’

मुलगी हसली नाही. खरं सांगतो, तो पाव फार चांगला होता. बाईच्या मनगटावर भाजल्याचे जुने डाग होते, तसे माझ्याही आहेत. ते मी बघितले. बघून न बघितल्यासारखं केलं.

शनिवारी सकाळी मुलगी माझ्यासमोर येऊन उभी राहिली. ‘पप्पा, नीट ऐक. प्रत्येकाला एक फुगा आणि वाटीत चमचाभर रस्सा. बस. वीस मिनिटं. पुढे अजून खायचंय त्यांना.’

फुगे म्हणजे आमच्याकडे सणावाराला करतात ते. मैद्यात अंडं आणि नारळाचं दूध घालून पीठ आंबवायचं, मुठीतून पिळून गोळे तेलात सोडायचे, ते फुगून वर येतात.

‘एक?’ मी म्हटलं. ‘एक फुगा तर मी मांजराला पण देत नाही.’

‘पप्पा.’

‘हो हो, कळलं.’

‘तू हो हो म्हणतोस तेव्हा मला भीती वाटते.’

तीन वेळा सांगितलं तिनं मला. म्हणजे मला माहीत नव्हतं असं मी म्हणू शकत नाही. मी चौथी शिकलो असेन, पण वीस मिनिटं म्हणजे किती ते मला कळतं. तरी ती बाहेर पडल्यावर मी दोन कोंबड्या घरच्या मसाल्यात शिजवल्या, सुरमईच्या तुकड्या तळल्या, कोळंबी केली, भात केला. फुगे शंभर तरी झाले असतील. लांब टेबलावर कागद अंथरला, खुर्च्या लावल्या. हॉटेलात नोकरीला होतो तेव्हा मी मोठ्या मोठ्या बशांत अंगठ्याएवढं अन्न मांडलेलं बघितलंय. तेव्हाच ठरवलं होतं, माझी जागा झाली की माझ्या टेबलावरून कोणी अर्धपोटी उठणार नाही. त्या दिवशी मी स्वतःला हेच सांगत होतो. आत दुसरंच काहीतरी होतं.

साडेपाचला ती मंडळी आली. अमेरिकन नवराबायको, एक वयस्कर बहारिनी गृहस्थ, दोन नर्सा, पुण्याचा एक इंजिनिअर आणि त्याची बायको, आणि तो मॅनेजर. मुलीनं टेबल बघितलं आणि तिचा चेहरा उतरला. पण लोकांसमोर ती काय बोलणार? तिनं छान गोष्ट सांगितली माझी. पप्पा सत्ताविसाव्या वर्षी इथे आले, भांडी घासता घासता स्वयंपाक शिकले. मी ऐकलं आणि अजून चढलो.

‘बसा, बसा,’ मी म्हटलं आणि वाढायला घेतलं.

अमेरिकन माणूस फार सभ्य. मी वाढलं ते त्यानं सगळं संपवलं आणि ताट माझ्याकडे करून ‘थँक यू’ म्हणाला. आता रिकामं ताट बघून मी गप्प बसणार का? परत भरलं. त्यानं तेही संपवलं. त्यांच्यात म्हणे ताटात टाकणं वाईट दिसतं. आमच्यात रिकामं ठेवणं वाईट. तीनदा भरलं मी. शेवटी त्याच्या कपाळावर घाम आला, बायको त्याच्या पाठीवरून हात फिरवत होती.

बहारिनी गृहस्थ दोन्ही हात वर करून म्हणाले, ‘खलास, खलास.’

‘खलास मफी!’ मी म्हटलं, म्हणजे खलास बिलास काही नाही, आणि सुरमई टाकली. ते हसले. सगळेच हसले. मुलगी सोडून.

पुण्याच्या बाईनं ताटावर हात धरला. ‘काका, आता खरंच नको.’

‘अहो, नको म्हणायचं असतं म्हणून म्हणताय तुम्ही.’

‘नाही हो काका, अजून एक ठिकाण आहे ना आम्हाला.’

‘तिथे काय, पाव आणि टोमॅटो!’ मी म्हटलं.

हे मी मोठ्यानं म्हटलं. मुलीनं ऐकलं. ती माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाली, ‘पप्पा, बास कर. पाया पडते.’ मी तिच्याकडे न बघता कोळंबीचं भांडं उचललं.

वीस मिनिटांचा सवा तास झाला. दोन्ही नर्सांची शिफ्ट होती, त्या माझ्याकडूनच टॅक्सी करून गेल्या. जाताना एक म्हणाली, अंकल, आयुष्यात एवढं खाल्लं नाही. मला काय वाटलं असेल? राजा झालो होतो मी.

बाकीचे मुलीच्या मागे निघाले. सावकाश, पोटावर हात ठेवून. आणि थोड्या वेळानं मीही निघालो, गुपचूप. कशासाठी, ते आता लिहितो, कारण लिहायला बसलो तर खरंच लिहायला हवं. माझं खाल्ल्यावर त्या बाईचं कोणाच्या घशाखाली उतरत नाही, हे मला बघायचं होतं.

काचेतून सगळं दिसत होतं. बाईनं लांब ओट्यावर बशा मांडल्या होत्या. सकाळपासून खपली असणार. मला कळतं ना, वांगी एवढी सोलायला किती वेळ जातो. तिनं त्या दिवशी केस बांधून स्वच्छ पांढरा एप्रन घातला होता. लोक स्टुलावर बसले होते, हातात पाणी घेऊन. अमेरिकन माणसानं पावाचा कोपरा तोडला, तोंडात धरला आणि बराच वेळ चावत राहिला. पुण्याच्या बाईनं नको म्हणून नुसती मान हलवली. बहारिनी गृहस्थ हात छातीवर ठेवून माफी मागत होते. मॅनेजर फोनमध्ये काहीतरी टाईप करत होता.

आणि माझी मुलगी खात होती. दुपारपासून लोकांना फिरवण्याच्या गडबडीत तिनं काही खाल्लं नव्हतं, माझ्याकडे तर घासही नाही. ती ओट्यापाशी उभी राहून एकामागून एक बशी ओढत होती. पाव, वांगी, तो बटाट्याचा गोळा, परत पाव. हसत हसत, बाईशी बोलत बोलत, सगळ्यांना सांगत की बघा किती छान झालंय. आठ जणांचं अन्न ती एकटी संपवायला बघत होती, बाईला वाईट वाटू नये म्हणून. तिचा घास तोंडात फिरत होता ते मला काचेतूनही कळलं. शेवटी बाईनंच हात पुढे केला आणि तिच्यासमोरची बशी हळूच मागे ओढून घेतली.

मी जे बघायला गेलो होतो ते मला बघायला मिळालं. तिथून कसा परतलो ते आठवत नाही.

आठ वाजता ती घरी आली. माझी उत्तरं तयार होती. पाहुण्याला उपाशी पाठवायचं का, हे एक. माझ्या खानावळीत माझी पद्धत, हे दुसरं. ती भांडली असती तर मीही भांडलो असतो आणि मोकळे झालो असतो दोघं. तिनं चपला काढल्या, पाणी प्यायली आणि म्हणाली, ‘सगळे म्हणाले, तुझं जेवण छान होतं.’

‘आणि मॅनेजर?’

‘तो म्हणाला, मॅडम, आपका लास्ट स्टॉप तो डेड हो गया.’

एवढं बोलून ती झोपायच्या खोलीत गेली. चार दिवसांनी मॅनेजरनं तिला फोन करून नाही म्हणून कळवलं. त्याचं ऑफिस जवळच झिंज भागात, टॅक्सीनं दहा मिनिटं. मी जाऊन त्याला सांगू शकलो असतो की वॉक मुलीनं बिघडवला नाही, मी बिघडवला. त्या चार दिवसांत रोज मनात यायचं. मी गेलो नाही. मार्चच्या शेवटी ती वसईला गेली. विमानतळावर म्हणाली, ‘पप्पा, वेळेवर जेव.’ आता दर रविवारी फोन करते. भावजयीबद्दल कधी काही सांगत नाही, त्यावरून काय ते मी ओळखतो.

पण त्या शनिवारनंतरच्या सकाळी मी काय केलं, तेही सांगितलं पाहिजे. पाचला उठलो. दाढी केली, चर्चला घालतो तो शर्ट घातला आणि त्या बाईच्या हॉटेलच्या मागच्या दाराशी जाऊन उभा राहिलो. साडेआठला ती आली. टोमॅटोची पेटी तिच्या हातातून घेतली आणि आत नेऊन ठेवली. मग म्हटलं, ‘मॅडम, येस्टर्डे माय मिस्टेक. डॉटर नो मिस्टेक. ऑल मी. सॉरी.’ आयुष्यात हा शब्द मी किती वेळा उच्चारला असेल, बोटांवर मोजता येईल.

तिनं एप्रन बांधला. मग म्हणाली, मी परत स्वयंपाक करीन, पण लोकांना परत आणायचं की नाही हे मॅनेजरच्या हातात. आणि विचारलं, ‘यू टोल्ड हर?’

मी मान हलवली. नाही.

‘टेल हर,’ बाई म्हणाली.

मी घरी आलो. वाटेत शब्द जुळवले होते. मुलगी खानावळीत कालचे टेबलावरचे कागद गोळा करत होती.

‘कुठे गेला होतास, पप्पा?’

‘भाजी आणायला,’ मी म्हटलं.

तिनं माझ्या शर्टाकडे पाहिलं, रिकाम्या हातांकडे पाहिलं. आत जाऊन तिनं चहा टाकला, आणि मी शर्ट बदलून कांदे सोलायला बसलो.