योसेफ मास्तरांचे शुद्धिपत्र

लांज्याहून येणाऱ्या मोटारीचा ड्रायव्हर छापखान्याच्या दारात उभा राहिला आणि म्हणाला, "अण्णा, तुमचे योसेफ मास्तर गेले. काल सकाळी. लेकीकडेच होते. तिने तुम्हाला सांगायला सांगितलंय." मी त्या वेळी एका लग्नपत्रिकेचे मुद्रित तपासत होतो. ते पुरे तपासले, दोन चुका काढल्या आणि मग उठलो. त्याला आता पाच आठवडे झाले. मास्तरांविषयी लिहावे असा वर्तमानपत्राच्या पुरवणीच्या संपादकांचा आग्रह आहे. मला स्तुती लिहिता येत नाही आणि मास्तरांना ती वाचवली नसती. जे घडले ते लिहितो. त्यातला एक भाग माझ्याविरुद्ध आहे. तोही लिहितो.

मास्तर रत्नागिरीस मिशनच्या शाळेत मराठी शिकवीत. त्यांच्या आजोबांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला होता. मी हिंदू, तोही सोवळ्याओवळ्याच्या घरातला. आमची गाठ पडली ती कागदामुळे. पंधरा-सोळा वर्षांपूर्वी ते मेणकापडात गुंडाळलेला एक जाड खंड घेऊन माझ्याकडे आले. 'वचनविवेक' नावाच्या मासिकाचे ते अंक होते. त्यांच्या आजोबांच्या काळी मिशनरी आणि पहिले मराठी ख्रिस्ती मिळून ते चालवीत. त्यात कथा नाहीत, बातम्या नाहीत. कृपा म्हणजे काय, तान्ह्या मुलास बाप्तिस्मा द्यावा की नाही, तारण कर्माने होते की विश्वासाने, यांवर दहा-दहा पानांचे वाद, आणि मराठी मात्र खणखणीत. एकूण आठ खंड. त्यांच्या ख्रिस्ती देवळाच्या बाजूच्या खोलीतल्या कपाटात ते होते, त्याची किल्ली मास्तरांकडे असे, आणि दुसरा पुरा संच कुठे असल्याचे कितीही पत्रे लिहून त्यांना कळले नव्हते. "अण्णा, पान उलटलं की तुटतं," ते म्हणाले. "जपून उलटलं तरी तुटतं. हे पुन्हा छापायला हवं." मी विचारले, "वाचणार कोण?" ते म्हणाले, "ते मागाहून बघू. आधी असायला तर हवं."

आमच्याकडची हवा कागदाला सोसत नाही. समुद्राचा दमटपणा बांधणीत शिरतो, आणि जांभ्या दगडाच्या भिंतीतून वाळवी केव्हा वर चढेल याचा नेम नसतो. मास्तर दर शनिवारी खंड पडवीच्या सावलीत उभे करून पानांना वारा देत, मध्ये वेखंडाच्या पुरचुंड्या ठेवीत. पावसाळ्याचे चार महिने तर सगळे खंड ते घरी नेत आणि चुलीवरच्या माळ्यावर धुराच्या उबेत ठेवीत. त्यांच्या पत्नी मार्थाबाई एकदा मला म्हणाल्या, "सुक्या मासळीला माझ्या घरात जागा नाही अण्णा, पण यांच्या बाप्तिस्म्याच्या भांडणाला आहे." मूळ अंक जुळाऱ्याच्या, म्हणजे शिशाच्या अक्षरांचे खिळे जुळवणाऱ्याच्या, शाईच्या हातात द्यायचा नाही, म्हणून मास्तर प्रत्येक पान स्वतः उतरवून काढीत. एक अक्षर बदलू देत नसत. मुळात उघड चूक असली तरी ती तशीच जुळवायची आणि दुरुस्ती भागाच्या शेवटी वेगळी छापायची. "त्यांची चूक त्यांच्या पानावर राहू द्या. आपलं म्हणणं शेवटी, वेगळं, खाली आपलं नाव घालून." या यादीला छापखान्यात शुद्धिपत्र म्हणतात. मी चाळीस वर्षे तो शब्द जुळवीत आलो होतो. माझ्यापुरता त्याला एकच अर्थ होता.

पहिला भाग वैशाखात तयार झाला. पावसाळ्यात बोटी बंद होण्याच्या आत प्रती मुंबईस जायला हव्या होत्या, म्हणून घाई होती. भागाचे मुद्रित मास्तरांनी तीनदा वाचले. जाहिरातीचे हस्तपत्रक मात्र मी माझ्या मनाने केले आणि त्यांना न दाखवता छापले. त्यावर ठळक टायपात होते : 'वचनविवेक, भाग पहिला. योसेफ मास्तर यांच्या शुद्धिपत्रासह.' त्या वर्षांत रत्नागिरीत शुद्धी हा शब्द प्रत्येकाच्या तोंडी होता, आणि त्याचा अर्थ चुकांची यादी असा नव्हता. परधर्मात गेलेल्यांना विधिपूर्वक हिंदू धर्मात परत घेण्याच्या सभा होत होत्या, त्यावर वाद झडत होते. हे सारे मला ठाऊक होते. हस्तपत्रक जुळवताना ते मनात आले नाही, एवढेच मी सांगू शकतो.

पत्रके सकाळी बाजारात लागली. दुपारच्या आत आमच्या आळीतले वैद्यबुवा हातात नारळ घेऊन मास्तरांच्या दारात हजर झाले. मी पत्रकाची एक प्रत देण्यासाठी तिथेच बसलो होतो. "मास्तर, अभिनंदन हो! उशिरा का होईना, घरी आलात!" मास्तरांना काही कळेना. मार्थाबाईंनी पत्रक वाचले, माझ्याकडे पाहिले, मग वैद्यबुवांच्या हातातला नारळ घेतला. "नारळ आणलात ते बरं केलंत, कालवणाला हवाच होता. शुद्धीचं म्हणाल तर यांना रोजची आंघोळसुद्धा मी दोनदा सांगते तेव्हा घडते." मास्तर मोठ्याने हसले. मीही हसलो. तिसऱ्या दिवशी मात्र कुणी हसत नव्हते. रविवारच्या उपासनेत त्यांच्या बाकावर दुसरे कुणी बसले नाही, आणि सोमवारी मंडळीच्या वडिलांनी, म्हणजे त्यांच्या पंचांनी, कपाटाची किल्ली मागून घेतली. गेलेल्या माणसाच्या हाती मंडळीची ठेव कशी राहू द्यावी, असा त्यांचा प्रश्न होता.

वडिलांच्या सभेत मी स्वतः गेलो. अशा ठिकाणी मी पूर्वी कधी गेलो नव्हतो. त्यांच्यातले थोरले शमुवेलबाबा यांना ऐकू कमी येई. त्यांनी विचारले, "शुद्धी तुम्ही छापलीत?" मी म्हणालो, "शुद्धिपत्र. चुकांची यादी." "कुणाच्या चुका?" "काही मूळ अंकातल्या, बाकी माझ्या छापखान्याच्या." "मग शुद्धी तुमची व्हायला हवी की हो, मास्तरांची कशाला?" सगळे हसले. मला वाटले, प्रकरण मिटले. पण हसणे ओसरल्यावर शमुवेलबाबा म्हणाले की बाजारभर बोभाटा झाला आहे, तेव्हा मास्तरांनी 'मी धर्म सोडलेला नाही' असे लिहून सही करावी आणि किल्ली घेऊन जावी. मास्तर उठले. "मी गेलोच नाही, तर तसं लिहून देऊ कशाला? सही केली की गेलो होतो असं ठरतं." आणि ते बाहेर पडले.

मग पाऊस लागला. आठही खंड कपाटात, कपाट भिंतीला लागून, आणि त्या खोलीचे दार आठवड्यातून एकदा उघडणार. त्या काळात मास्तर रोज शाळा सुटली की छापखान्यात येत, पण बसत नसत. छत्री न मिटता दारातच उभे राहत. "आज उघडीप होईल असं वाटतं का?" असे विचारीत, आणि उत्तर न ऐकता देवळाच्या दिशेने जात. खोलीला गज असलेली एक खिडकी होती. तिच्यातून आतले कपाट दिसे, पण हात पोचत नसे. ते तिथे उभे राहून किती वेळ पाहत असत, हे मला वाटेवरच्या दुकानदाराकडून कळे. मी एकदा म्हणालो, "मास्तर, सही करून टाका." ते म्हणाले, "तुम्ही केली असतीत?" मीही केली नसती.

एके दिवशी संध्याकाळी ते आले ते छत्रीशिवाय, नखशिखांत भिजलेले. "भिंतीवर वाळवीची माती चढलीय," एवढेच म्हणाले. आम्ही दोघे पाळकांच्या घरी गेलो. त्यांनी कागद पुढे केला. मास्तरांनी तो वाचला नाही. जो माणूस माझ्या छापखान्यात स्वल्पविरामही न तपासता सोडीत नसे, त्याने न वाचता सही केली आणि किल्लीसाठी हात पुढे केला. कपाट उघडले तेव्हा आठही खंड जागेवर उभे होते. तिसरा आणि सहावा त्यांनी काढला, तेव्हा बांधणी शाबूत होती आणि आत पानांच्या जागी माती होती. उरलेले सहा खंड मी आणि त्यांनी छातीशी धरून घरी नेले.

त्यांतला पहिला छापून झालाच होता, बाकीचे पाच छापायला आम्हांला पुढे बरीच वर्षे लागली. गेलेल्या दोन खंडांसाठी मास्तरांनी जागोजाग पत्रे लिहिली. जयगडच्या एका घरातून सहाव्या खंडाचे काही सुटे कागद मिळाले, बाकी काही नाही. अनुक्रमणिका मात्र त्यांनी आधीच उतरवून ठेवल्या होत्या. त्यांनी ठरवले की तिसरा आणि सहावा भागही काढायचा : लेखाचे शीर्षक छापायचे आणि जितकी पाने गेली तितकी पाने, फक्त पृष्ठांक घालून, कोरी सोडायची. मी म्हणालो, लोक मला वेडा म्हणतील. ते म्हणाले, "कुणाकडे सापडलं तर त्याला लिहायला जागा हवी." मी तसे छापले. त्याच दिवशी धीर करून म्हणालो, "मास्तर, तो शब्द माझा होता." ते मुद्रितावरून मान वर न करता म्हणाले, "शब्द बरोबर होता अण्णा. व्याकरणात कुठे चूक नव्हती." त्यानंतर तो विषय त्यांनी काढला नाही आणि मीही काढला नाही.

गेल्या आठवड्यात त्यांची लेक ते दोन भाग, मास्तरांची स्वतःची प्रत, मला देऊन गेली. कोऱ्या पानांवर त्यांनी शिसपेनने लिहिले आहे. वाचलेले जेवढे आठवले तेवढे, तुटक, आणि जवळजवळ प्रत्येक तुकड्याखाली 'नक्की आठवत नाही'. तिसऱ्या भागात एका लेखाची अकरा पाने कोरी आहेत. शीर्षक आहे 'आशेविषयी'. त्या अकरा पानांत मिळून एकच ओळ आहे : 'येथे जे होते ते मला पटले नव्हते, पण फार चांगले लिहिले होते.'

शिसपेन पुसट होत चालली आहे आणि पावसाळा तोंडावर आहे. ती ओळ त्या पानावर छापावी तर मूळ पानावर आपले काही घालायचे नाही हा मास्तरांचा नियम मोडतो. शेवटी शुद्धिपत्रात घालावी तर तो शब्द पुन्हा त्यांच्या नावाशेजारी जुळवावा लागतो. न छापावी तर आणखी एक गोष्ट माझ्या हातून जाईल. अजून ठरत नाही. ओळ मात्र मी माझ्या हाताने खिळ्यांत जुळवली आहे आणि दोऱ्याने बांधून टेबलावर ठेवली आहे. सकाळी छापखाना उघडला की आधी दोरा सैल झालेला नाही ना ते पाहतो. खिळ्यांत अक्षरे उलटी असतात. मला ती उलटीच वाचायची सवय आहे.