दुसऱ्याचं रेडकू आणि माझी तडजोड

“यात फसलं कोण?” मॅजिस्ट्रेटसाहेबांनी विचारलं.

मी ऐटीत फिर्यादीकडे, आबांकडे हात केला. आबांनीही मान ताठ केली. फसणं हा जणू घराण्याचा मान होता.

कोर्ट पाचोऱ्याचं. स्वातंत्र्य मिळून चार-पाच वर्षं झाली असतील. मी जळगावला नुकती वकिली सुरू केली होती. कोट नवा होता, अक्कल अजून वापरात आली नव्हती. माझे अशील सखारामनाना, गुरांच्या बाजारातले दलाल. त्यांनी एक आटत आलेली म्हैस ताजी व्यालेली म्हणून विकली होती. दोन वेळा न पिळता कास फुगवून ठेवली आणि शेजारी दुसऱ्याच म्हशीचं रेडकू बांधलं. घरी गेल्यावर म्हशीनं त्या रेडकाला लाथ घातली, तेव्हा सगळं उघडं पडलं.

आरोप चारशेवीसचा, म्हणजे फसवणुकीचा. शिक्षा झाली असती तर नाना तुरुंगात आणि नंतर बाजाराबाहेर.

“आपसात मिटवा ना, वकीलसाहेब,” नाना म्हणाले.

कायद्यानं ते जमतं. चारशेवीसचा खटला दोन्ही बाजूंना मिटवता येतो, फक्त कोर्टाची परवानगी लागते. वकिली भाषेत याला ‘कंपाउंड करणं’ म्हणतात. परवानगी मिळाली की आरोपी निर्दोष सुटतो.

फिर्याद आबांच्या नावाची होती. म्हणून मी नानांना घेऊन थेट आबांच्या मळ्यात गेलो. भरीत झालं, कळण्याची भाकरी झाली, हिरव्या मिरचीचा ठेचा झाला. नानांनी म्हैस परत न्यावी, किंमत परत द्यावी, असं ठरलं. आबांनी सही केली. आपण जन्मतःच वकील आहोत असं मला परतीच्या गाडीत वाटत होतं.

आणि आता साहेब आबांना विचारत होते, “म्हैस तुम्ही घेतली?”

“नाही साहेब, भावजयीनं. विधवा आहे. घरोघर दूध घालते.”

“मग फिर्याद तुमची कशी?”

“बाईमाणूस चौकीवर जातं का, साहेब?”

साहेबांनी चष्मा काढून माझ्याकडे पाहिलं. “वकीलसाहेब, जिला फसवलं तिनंच मिटवायचं असतं. तिला विचारलंत?”

“आबा घरातले थोरले आहेत, साहेब.”

“ते मला दिसतंय. मी काय विचारलं?”

मला पुढची तारीख मिळाली.

पुढच्या तारखेला आबांची भावजय, अक्का आल्या. डोईवर पदर, पाठ आबांकडे. एक शब्द बोलेनात. थोरल्या दिरासमोर त्या बोलत नाहीत, हे साहेबांच्याच लक्षात आलं. त्यांनी आबांना बाहेर बसायला सांगितलं. दार लोटलं आणि अक्कांचं तोंड सुटलं.

“म्हैस मी लिधी. दूध मी घालस. आनि भरीत आबा खातस! माले कोनी इचारं का?”

“मग तुमचं म्हणणं काय?”

“दूध कमी पडनं, तं लोके म्हनतस अक्का दूधमा पानी टाकस. यानी बजारमा उभा ऱ्हाईसन बठ्ठासले सांगाले जोयजे, रेडकू दुसरानं व्हतं. मंग मी अंगठा देसू.”

मी उठलो. “साहेब, नानांनी भर बाजारात सगळ्यांना सांगायचं, ही मागणी तडजोडीत बसत नाही.”

“नसेल बसत. पण तिच्या संमतीशिवाय तडजोडच बसत नाही.”

व्हरांड्यात नाना घामाघूम झाले होते. दलालांचा सगळा धंदा रुमालाखाली बोटं दाबून चालतो, भाव शेजाऱ्यालाही कळत नाही. त्या माणसानं भर बाजारात ओरडून बोलायचं!

“यापेक्षा तुरुंग बरा,” ते म्हणाले. थोड्या वेळानं स्वतःच म्हणाले, “नको. पण तुम्ही सोबत चला. एकट्याची माझी वाचा बसेल.”

मी गेलो. इथं मला कोणी अडवायला हवं होतं.

बाजाराच्या दिवशी आम्ही दोघं एका रिकाम्या बैलगाडीवर चढलो. मी काळ्या कोटात. समोर माणसं, म्हशी आणि कंबरेवर हात ठेवून अक्का.

“मंडळी,” नाना म्हणाले आणि थांबले. पुढं काही येईना. अशिलाची वाचा बसली की वकिलानं बोलायचं, एवढंच मला शिकवलेलं. मी खड्या आवाजात सुरू केलं, “आम्ही आटलेल्या म्हशीजवळ दुसऱ्याचं रेडकू बांधलं आणि अक्कांना फसवलं! त्यांच्या दुधात पाणी नव्हतं, आमच्या म्हशीत दूध नव्हतं!”

“तुमी नही!” अक्का ओरडल्या. “त्याले बोलू द्या!”

मग नाना बोलले. हळू, पण सगळं बोलले. अक्कांनी चारदा ‘जोरमा’ म्हणून त्यांचा आवाज चढवून घेतला. पुढच्या तारखेला म्हशीची किंमत हाती पडल्यावर त्यांनी अंगठा दिला, साहेबांनी परवानगी दिली, नाना निर्दोष सुटले. अक्कांची गिऱ्हाइकं परत आली. नाना तिथंच दलाली करत राहिले, फक्त म्हैस आता गिऱ्हाइकासमोर पिळून दाखवत.

अडचण एवढीच झाली, की नानांचा आवाज चढूनही गर्दीत मागं उभ्या असलेल्यांना फक्त माझाच आवाज पोचला होता.

काही वर्षांनी पाचोरा स्टेशनवर एक म्हातारबाबा माझा कोट निरखत जवळ आले. “आते वकिली करतस का? बरं जयं, म्हशीसना धंदा सोडी दिधा.”

तडजोड करण्याआधी फसलेल्या माणसाला विचारावं, हे मी साहेबांकडून शिकलो. कबुली आरोपीची असेल तर वकिलानं गाडीवर न चढता खाली उभं राहावं, हे मात्र मला कोणी शिकवलं नव्हतं.