रेडिओमावशी आणि मौनाचा डोंगर

माणसाच्या अंगाला किती तऱ्हेचे वास येतात हे ज्याला बघायचं असेल, त्याने त्या डोंगरावरच्या साधना केंद्राच्या धुलाईखोलीत एक आठवडा काढावा. मी कित्येक वर्षं काढली. अजूनही कुणी ‘आत्मशोध’ म्हटलं की माझ्या नाकात आधी ओल्या मोज्यांचा वास शिरतो.

येणारे सगळे शांती शोधायला यायचे. कुणी बापाचा कारखाना सोडून, कुणी कॉलेज, कुणी बायकोपोरं सोडून. त्याबरोबर बहुतेक जण आंघोळही सोडायचे. डोक्यावर जटा, कानात पिसं, खांद्यावर गिटार आणि चादरींना गांजाच्या निखाऱ्यांनी पडलेली भोकं. मोहमाया सोडलेल्या या मंडळींना स्वतःच्या चड्ड्या दुसऱ्याच्या हातात देताना मात्र काही वाटत नसे. त्या सगळ्यांची अंथरुणं-पांघरुणं आणि कपडे माझी मावशी धुवायची. इस्त्री माझ्याकडे होती.

मावशीला सगळे रेडिओमावशी म्हणत. सकाळी मशीन सुरू व्हायच्या आधी तिचं तोंड सुरू व्हायचं. माणूस नसेल तर ती चादरीशी बोलायची, डागाला दम भरायची, ‘कुठं लोळला होतास रे बाबा’ म्हणून एखाद्या सदऱ्याची हजेरी घ्यायची. ऐकणाऱ्याचे कान किटत. पण काम असं की बोट ठेवायला जागा नाही. वाळलेला प्रत्येक कपडा ती खिडकीत उजेडासमोर धरायची, मग नाकाला लावून हुंगायची. वास गेला असेल तर म्हणायची, ‘पास.’ नसेल गेला तर तो परत टबात. नापास कपडा तिने त्या दारातून कधी बाहेर जाऊ दिला नाही.

मग शालवाल्याने मौन काढलं. शालवाला म्हणजे तिथला गुरू. शिष्य त्याला लांबलचक नावाने हाक मारत, ते आम्हा कामगारांच्या जिभेवर कधी बसलंच नाही. ऊन असो की थंडी, अंगावर पांढरी लोकरीची शाल असायची, म्हणून शालवाला. त्याला साक्षात्कार झाला की शब्दांनी डोंगर मळतो. डोंगर कशाने मळतो ते आम्ही रोज हातात घेऊन बघत होतो, पण आम्हाला कोण विचारतो. फाटकाच्या आत कुणी ब्र काढायचा नाही असं ठरलं, कामगारांनीही नाही. बोलण्याची मुभा एकट्या शालवाल्याला, आणि सभागृहात त्यालाही नाही.

सुरुवातीला मावशी दार लावून, मशीनच्या घरघरीच्या आडोशाने माझ्याशी बोलून घ्यायची. हळूहळू तेही कमी झालं. मला वाटलं, सवय झाली असेल. पण संध्याकाळी फाटकाबाहेर पडल्यावर, उतारावर, जिथे तिच्या तोंडाचा पट्टा सुटायला हवा, तिथेही तिचा आवाज खरखरत, बारीक येऊ लागला. ‘वापर नाही ना, गंज चढला,’ असं तीच म्हणाली. घरी तिच्या नवऱ्याला, काकांना, गंमत वाटली. रेडिओ कुणीतरी बारीक केला म्हणून ते हसले. पुढे पुढे तिला पाणी गिळतानाही दुखायला लागलं, तेव्हा मी तिला डोंगराखालच्या दवाखान्यात चल म्हणून भंडावून सोडलं. शेवटी ती तयार झाली.

सुट्टी मागायला आम्ही दोघी शालवाल्याच्या ओसरीवर गेलो. मावशीने घोगऱ्या आवाजात कसंबसं सांगितलं, की आवाज बसलाय, डॉक्टरला दाखवून येते. त्याने डोळे मिटले. मग मधाळ हसला.

“मावशी, तुमचा आवाज गेलेला नाही,” तो म्हणाला. “तो आत वळलाय. माझ्या शिष्यांना जे जमलं नाही, ते तुम्हाला कपडे धुताधुता जमलं.”

दुसऱ्या दिवसापासून धुलाईखोलीच्या दाराशी जटाळ पोरंपोरी येऊन बसू लागली. मावशी चड्ड्या पिळत असायची आणि हे डोळे मिटून तिच्याकडे तोंड करून बसायचे. कुणी टबात फुलं टाकली, ती बसून मलाच काढावी लागली. एका पोरीने तिच्या हातातला झिजलेला साबण खुणेने मागून घेतला आणि कपाळाला लावला. मला ओकारी यायची बाकी होती. जिचं बोलणं जन्मभर कुणी धड ऐकून घेतलं नाही, ती गप्प झाल्यावर तिच्यापुढे माना झुकत होत्या. मावशी हरभऱ्याच्या झाडावर चढली. मी परत दवाखान्याचं काढलं, तर तिने ओठांवर बोट ठेवलं. मला, तिच्या सख्ख्या भाचीला.

अख्खा हंगाम असा गेला. एका सकाळी ती आपला रुमाल घेऊन माझ्या टेबलापाशी आली आणि तिने तो उलगडून धरला. थुंकीत रक्त होतं. डाग ओळखण्यात तिचा हात धरणारं कुणी नव्हतं, आणि हा तिला ओळखता आला होता. “चल,” ती म्हणाली. तिच्या स्वतःच्या आवाजातला तोच शेवटचा शब्द मला स्पष्ट आठवतो.

डॉक्टरीणबाई तरुण होत्या. घसा तपासल्यावर त्यांनी मला विचारलं, आवाज इतके महिने असा होता, तर कुणाच्या लक्षात कसं आलं नाही. मी म्हटलं, तिथे बोलायचं नसतं. त्यांनी पेन खाली ठेवलं. लवकर आला असतात तर आवाज वाचवता आला असता, एवढंच मग म्हणाल्या. गाठ वाढली होती. स्वरयंत्र काढावं लागलं.

मावशी वाचली. गळ्याला खाली एक भोक राहिलं, श्वास तिथून. हवा नाकातून जाईनाशी झाली, तसं तिला वास येणंही बंद झालं. तरी बरं वाटल्यावर ती कामावर परत आली, घरी बसणं तिच्या जिवावर येत होतं. गळ्यावर पातळ फडकं बांधून ती धुवायची, कपडा उजेडात धरायची आणि मग माझ्या नाकापुढे आणायची. पास की नापास, ते आता मी बोलायचं. दार लावून, हळूच.

पुढच्या हंगामाच्या पहिल्या दिवशी शालवाल्याने तिला सभागृहात बोलावून स्वतःशेजारी व्यासपीठावर बसवलं. मी मागे भिंतीशी उभी होते. उदबत्त्यांचा धूर इतका की माझेच डोळे चुरचुरत होते. शालवाल्याने दोन बोटांनी, अगदी नाजूकपणे, तिच्या गळ्यावरचं फडकं उचललं आणि भोक शिष्यांना दाखवलं. पुढच्या रांगेतल्यांनी भक्तिभावाने माना डोलावल्या. दुकानदार मालाची घडी उलगडून दाखवतो, तसं चाललं होतं. मला त्या माणसाची इतकी किळस कधी आली नव्हती.

तेवढ्यात मावशीला धुराने खोकल्याची उबळ आली. फडकं तर त्याच्या हातात. भोकातून पिवळट, घट्ट बेडका उडाला आणि थेट त्याच्या शालीवर बसला.

“शी!” तो किंचाळला. “पुसा हे! आधी पुसा, कुणीतरी पुसा!”

मौन लागू झाल्यापासून सभागृहात उच्चारलेले ते पहिले शब्द. तो शाल अंगापासून लांब धरून उभा होता आणि मावशी आपलं फडकं त्याच्या पायाशी शोधत होती. मीच पुढे होऊन ते तिच्या गळ्याला बांधलं.

दुसऱ्या दिवशी ती शाल धुलाईत आली, वरून ती आणणाऱ्या जटाळ पोराने खुणेने सांगितलं की चांगली उकळून पाहिजे. मावशीने शाल उजेडासमोर धरली. बेडका वाळून कडक झाला होता. तिने ती टबात टाकली नाही. माझ्या टेबलावर आणून पसरली आणि इस्त्रीकडे बोट दाखवलं. मी इस्त्री फिरवली, डागावरून दोनदा. मावशीने कडेला कड जुळवून सुबक घडी घातली आणि रीतीप्रमाणे माझ्या नाकापुढे धरली.

मी हुंगलं. वास गेला नव्हता.

“पास,” मी म्हटलं. दार उघडं होतं.